कण

मोरिताबाईंच्या घरी, पवईत, एकोणिसाव्या मजल्यावर
तो दाणा मी पहिल्यांदा शिजताना पाहिला:
चवळीहून बारीक, कुंकवाहून काळपट.

पहिली उकळी आली की बाई पाणी सरळ सिंकमध्ये ओतायच्या.
माझा हात आपोआप पातेलं घेऊन पुढे.
अहो, कट आहे तो! आमटी होईल!
त्यांनी तोंड वाकडं करून दाखवलं.
तुरट.

मग साखर. अगदी शेवटी चिमूटभर मीठ.
पारी उकडीसारखीच, पण ताणली तरी तुटेना;
आत पुरण, आणि बोटं फिरवून गोल मिटायचं.
एकाला मी नऊ कळ्या पाडून दिल्या.
तो त्यांनी खाल्ला नाही. फ्रिजवर ठेवला,
सुकून तडा गेला तरी.

भांडण आमचं एकच, तेही मुकं:
मी पुरणयंत्र काढायचे, त्या परत ठेवून द्यायच्या.
आमच्यात कण राहिला तर सुनेचं माहेर निघतं.
त्या डोळे मिटून तोच कण
दाताखाली शोधायच्या.

जानेवारीत साहेबांची बदली झाली, नागोयाला.
पंखे, गाद्या, कुंड्या वाटल्या गेल्या.
माझ्याकडे आली दाण्यांची अर्धी पिशवी.
तिच्यावरची अक्षरं अजून कुणी वाचून दिलेली नाहीत.

काल होळी. भांडुपला, आमच्या ओट्यावर
तेच दाणे शिजवले. यंत्र फडताळातच राहिलं.
जाऊ म्हणाली, निर्मले, पुरणात कण लागतोय.
लागू दे, म्हटलं.

कट मात्र ओतवला नाही.
आमटीत चिंच जरा जास्त घातली.