जाडंभरडं

आता सगळे मला विचारतात, साहेब कसे होते.
मी त्यांचा कारकून. एकवीस वर्षं
त्यांची भाषणं मीच स्वच्छ अक्षरात उतरवली
आणि गिरणीची वहीही मीच लिहिली.
दौत एकच.

ऱ्होड आयलंडमधलं आमचं गाव
पाण्याच्या चाकाबरोबर उठे, चाकाबरोबर निजे.
थोरले ग्रीनमन गेले, तेव्हा
असाहेल ग्रीनमनच्या वाट्याला आले
अठ्ठेचाळीस माग, चर्चमधलं पुढचं बाक
आणि बापाचा खोकला.

साखर त्यांनी आधीच सोडली होती.
कॉफीत मेपलचा पाक.
सदरा लिननचा, सुताचा कधीच नाही,
थंडीत वरून लोकर, खाजवत बसायचे सभेत.
"दुसऱ्याच्या पाठीवरून ओरबाडलेलं
मी माझ्या पाठीला लावणार नाही," म्हणायचे.
गाव हसायचं.
मीही, थोडंसं, बाही तोंडाशी धरून.

पहिल्या निवडणुकीत मतं पडली एकेचाळीस.
दुसऱ्या वेळी एकोणचाळीस.
फिरलेल्या त्या दोघांची नावं त्यांना ठाऊक होती.
एकाकडे त्यांनी बर्फाच्या दिवसांत
सरपण धाडलं. दुसऱ्याचं नाव
मला शेवटपर्यंत सांगितलं नाही.

केझाया आली ती नोव्हेंबरातल्या एका रात्री,
माशांच्या पिंपांमागे अंग चोरून, गलबतातून.
साहेबांनी स्वतः दूध तापवायला ठेवलं
आणि उतू घालवलं.
सकाळी ती वखारीपाशी थांबली.
गठ्ठ्यातून लोंबणारं एक टोक
अंगठ्यानं चोळलं.
करडं, जाडंभरडं. लोकर नावाला.
"हे मी ओळखते," म्हणाली.
"वर्षाला सहा वार देतात.
पहिले दोन महिने मान सोलून निघते.
मग मान शिकते."

दर सहामाहीला मी वहीत लिहीत होतो:
दक्षिणेकडे, जाडं, चार हजार वार.
साहेबांनी ती ओळ पाहिली नव्हती, असं नाही.
खाली सही होती.

महिन्याभरात माग थांबले.
पाण्याचं चाक आठवडाभर
उगाच फिरत राहिलं, कुणीच अडवलं नाही म्हणून.
फीबी क्रँडल, तीन लेकरांची आई,
दारात येऊन म्हणाली,
"मन तुमचं धुतलंत साहेब, साबण आमचा झिजला."
त्यांनी टोपी काढली. बोलले नाहीत.
नदीकाठची जमीन विकून
घोंगड्यांचे माग घातले, निम्मेच,
फीबीला घेतलं. ती शेवटपर्यंत
त्यांना मान वर करून बघायची नाही.

तिसऱ्यांदा निवडून आले. सात मतांनी.
विधिमंडळात बोलायचं म्हणून
मी अकरा पानं उतरवून दिली होती, सुंदर, रेघा मारून.
त्यांनी ती उघडली नाहीत.
खिशातून वीतभर कापड काढून मेजावर ठेवलं
आणि एवढंच म्हणाले, "वाराला अकरा सेंट.
आम्ही विणतो. मानेवर कोण घालतं,
ते आम्ही विचारत नाही."
मागून कुणीतरी खाकरलं.
ठराव पडला.

युद्ध झालं, संपलं.
केझायानं बंदरावर शिवणकामाचं दुकान काढलं
आणि एक बिल धाडलं, टपालानं.
सहा वार गुणिले एकोणीस वर्षं.
मानेचा दर तुम्हीच लावा.

दर त्यांना लागला नाही.
दर नाताळाला काहीतरी पाठवत.
मी विचारलं, कुठल्या खात्यात घालू?
"खातं उघडंच ठेव," म्हणाले.
ते अजून उघडंच आहे.

आता चौकात पुतळा व्हायचाय.
मूर्तिकार येऊन गेला काल,
कोट कसला घालायचे, विचारत होता.
कोट राहू दे, म्हटलं, सदऱ्याचं बघ.
लिननचा. सुती नको, काही झालं तरी.
तो हसला. पेन्सिल कानावर अडकवली.
"दगडात काय कळणार, आजोबा?"