जोड क्रमांक ४११७

आईच्या शिवणीला पाण्याची परीक्षा द्यावी लागते.
नव्या बुटात वितळलेला बर्फ ओतून
ती तो तंबूच्या काठीला टांगते, रात्रभर.
सकाळी खाली ओल नसली
तरच बूट पायात.
दोरा म्हणजे रेनडिअरच्या पाठीची शीर,
वाळवून दातांनी सोललेली,
गालावर वळलेली.

माझी शिवण पोलादाची.
नळीच्या तोंडात मी वाकून उभा राहू शकतो.
वाऱ्याला आडोसा, निळा उजेड, आम्ही चौघे,
मग क्ष-किरणांची फिल्म.
केसाएवढी चीर दिसली तरी पुन्हा पहिल्यापासून.
४११७ माझा.
हेल्मेटवर लिहिलंय पावेल.
आई पुडाको म्हणते, म्हणजे शेंडेफळ.

पगार चांगला आहे, खोटं कशाला बोलू?
आईची बर्फावरची मोटार त्यातलीच,
सेव्नेचे पुढचे दोन दात,
आणि मामाची दारू,
तीही त्यातलीच.

खांबांच्या बाजूला बंद नळ्या रोवल्यात.
त्या जमिनीतली ऊब ओढून हवेत सोडतात.
थंडीच्या मुलखात थंडी टिकावी म्हणून
एवढा खर्च.
तरी जूनमध्ये नऊ नंबरचा खांब कलला.
फोरमन म्हणाला, कुठेतरी पाणी मुरतंय.
कुणी हसलं नाही.
गुडघाभर खोदलं तर
खरंच मुरत होतं.

काम सुरू व्हायच्या आधी
एक इंजिनीयर बाई आली होती, नकाशा घेऊन.
चहा प्याली. शिंगाच्या बटणांचं कौतुक केलं.
कळप कुठून ओलांडतो, तिने विचारलं.
मामा गप्प.
आई विलोच्या काटक्या मोडत राहिली.
रशियन मला येत होतं, वसतिगृहातलं,
मी बोट ठेवलं.
माझ्या बोटाचं टोक त्या कागदावर
दीड किलोमीटर भरलं.
तेवढ्यात नळी उंच उचलली.
बाकी सगळीकडे छातीइतकी.

या नोव्हेंबरात पाऊस पडला.
बर्फावर पाऊस, त्यावर रात्र,
आणि सकाळी सगळा टुंड्रा काचेचा.
खालचं दगडफूल दिसत होतं,
खुरांना लागत नव्हतं.
भुकेला कळप वाट विचारत नाही.
तो समुद्राकडे वळला,
आजोबा कधी गेले नव्हते त्या बाजूने.

मी तपासणीला होतो तेव्हा आधी आवाज आला.
चालताना रेनडिअरच्या घोट्यात शीर टकटकते,
एकाची ऐकू येत नाही,
सहाशेंची येते, गारा पडल्यासारखी.
मग ती थांबली.
पुढची म्हातारी मादी नळीला नाक लावून उभी.
आत वायू गुणगुणत होता.
तो जातो तिथे कुणी अंडं उकडत असेल,
खिडकीला वाफ धरली असेल.
आमच्या तंबूत अजून काटक्याच.

आई घसरगाडीवरून उतरली.
हातमोजा काढला,
बुटावरून फिरवते तशी बोटं फिरवली,
४११७ वरून, पूर्ण गोल,
पोचेल तिथपर्यंत.
चांगली शिवलीस, म्हणाली.
थेंब गळायचा नाही.

ती खरंच बोलत होती.
टोमणा असता तर बरं झालं असतं.

मग तिने कळप वळवला,
माझ्या बोटाच्या टोकाकडे,
अकरा किलोमीटर काचेवरून.
तिथे पोचेपर्यंत त्रेचाळीस कमी झाले.
त्यात ती म्हातारी मादी.

भरपाईचा अर्ज मामाने माझ्यापुढे सरकवला.
कारण, असा एक रकाना होता,
दोन ओळींचा.
काय लिहू, त्याने विचारलं.
आई नव्या बुटात पाणी ओतत होती,
माझ्या मापाचा बूट.

पाऊस, मी सांगितलं.
साक्षीदार म्हणून सही केली:
पावेल.