एकशे बारा पायऱ्या

जेनोव्हा. पाचवा मजला, लिफ्ट नाही.
इवाल्दा मोजत चढते, कठडा धरून.
मागून यादिरा :
एका हातात बटाटे, दुसऱ्यात दूध आणि रक्तदाबाच्या गोळ्या.

तिसऱ्यावर शिंप्याची पोर
पियानोवर दो रे मी चढवते,
फापाशी रोज घसरते.
‘हीसुद्धा स्काला,’ दम खात इवाल्दा सांगते,
‘आपण चढतोय तीही स्काला.
तिचे गुडघे दुखत नाहीत, एवढाच फरक.’

यादिराच्या भाषेत एस्कालेरा.
आधी एक छोटा ए,
परक्या घरात शिरताना खाकरावं तसा.
येताना माद्रिदला विमान बदलायचं होतं,
नऊ तास.
त्या थांब्याचं नावही एस्काला.
शिडी कुठेच दिसली नाही तिला,
नुसती लोखंडी खुर्ची,
आणि कुणाचं तरी रडणारं मूल.

चौथा मजला. इवाल्दा भिंतीला टेकते.
‘बोट लागते ते स्कालो.
शिडी सोडायची, उतरायचं.
नेव्हिओची पत्रं यायची प्रत्येक स्कालोवरून :
कादिस, पनामा, मग तुझं ग्वायाकिल.
केळी भरायला तीन दिवस.’
‘मग?’
‘मग तो उतरला.’

यादिरा पिशव्यांचे हात बदलते.
तिला आठवतो तो धक्का, गढूळ नदी,
परक्या आडनावांची
घाऱ्या डोळ्यांची म्हातारी माणसं.
ती काही बोलत नाही.

खाली पोर पुन्हा पहिल्यापासून.
या खेपेला फा निसटत नाही.

‘शंभर झाल्या की नव्वद?
तू बोलायला लावलंस, आकडा गेला.’

‘शंभर धरा,’ यादिरा म्हणते.