कडता

मार्केट यार्डात नऊचा भोंगा होतो
आणि रुमालाखाली बोटं बोलू लागतात.
भाव तोंडानं सांगायचा नाही, ही इथली जुनी रीत.
आठवण ऐकते म्हणतात, आणि आपली किंमत कळली
की फुगते, नाहीतर रडायला लागते.

मी शालन. जिन्नाप्पा आडत्यांच्या दुकानात
निवडणाऱ्या अकरा बायकांतली एक.
चाळण तेवढी माझी स्वतःची.
लग्नाच्या आठवणी एकीकडे, त्यांना बारमाही उठाव.
बाळंतपणाच्या जपून, त्यांना ओल सुटते.
मार खाल्लेल्या दिवसांनाही गिऱ्हाईक आहे
हे पहिल्या वर्षी मला खरं वाटलं नव्हतं;
राजकोटचा एक शेठ तेवढंच नेतो,
आणि पैसे रोख देतो.

न खपलेला माल हरिपूरला, पेवात.
झाकण काढलं की लगेच कुणी उतरत नाही.
बाबालाल आधी दोरीला बांधून कंदील सोडतो,
आणि कंदील विझला तर म्हणतो,
"अजून कोणतरी श्वास घेतंय खाली. थांबा."
महापुराच्या साली पाणी शिरलं त्या पेवांत.
तेव्हापासून संगमावर पोहायला गेलेली पोरं
भलत्याच आईला हाका मारत घरी येतात.

मीही विकलंय. लपवत नाही.
धाकटीची नर्सिंगची फी, दुसरा हप्ता.
एका संध्याकाळचे नऊ हजार चारशे आले
कडता, हमाली, तोलाई वजा जाता.
काय विकलं ते विचारू नका,
ते मला कसं ठाऊक असणार?
पावती आहे. 'संध्याकाळ, १ नग, प्रत उत्तम.'
पत्र्याच्या डब्यात, रेशनकार्डाखाली.

परवा मंगळवारी तासगावकडून एक पोतं आलं.
पोत्यावर विकणाऱ्याचं नाव नसतं, खडूचा आकडा असतो.
टाके उसवले, हात घातला
आणि आयर्विन पुलाच्या कठड्याला टेकून मी उभी.
एकोणीस-वीसची. हातात भडंगाचा कागद,
खाली पाणी, वर वटवाघळं निघालेली,
आणि मी हसतेय.
एवढं तोंड उघडून. दाढा दिसेपर्यंत.
असं मी कुणापुढं हसले होते?

बघणाऱ्याच्या आठवणीत बघणाऱ्याचं तोंड नसतं.
त्याचा डावा हात दिसला, करंगळीला शाईचा डाग,
आणि एकदा तो म्हणाला, "शालू, मीठ जास्त झालंय का?"
तोही आवाज त्याचा त्याला ऐकू येतो तसा,
हाडांतून. बाहेरून ओळखता यायचा नाही.

वीस वर्षं ठेवली त्यानं.
मग आत्ताच का काढली?
बायपास असेल, किंवा मुलीचं कॉलेज,
किंवा नुसताच कंटाळा, तोही येतो माणसाला.

जाताना गेटवर आमच्या ओच्याची झडती होते.
पण चाळणीखाली पडेल तो चुरा निवडणारीचा,
हा हक्क आमच्या सासवांनी
सतरा दिवस यार्ड बंद पाडून घेतलाय.

मी चाळण हलवली. जरा जोरातच.
शेजारची सुगंधा बघत होती.
तिनं मान वळवली आणि उगाच
हमालाला पाण्याचं विचारलं.

बाकीची संध्याकाळ रुमालाखाली गेली.
जिन्नाप्पांची तीन बोटं, समोरच्याची दोन, मग पुन्हा दोन.
माझ्या वेळेपेक्षा बाराशेनं कमी.
"जुना माल," जिन्नाप्पा म्हणाले,
"आणि चाळताना कडा गेल्यात."
त्यांनी माझ्याकडं बघितलं नाही. की बघितलं.

रात्री धाकटीचा फोन, मिरजेहून, ड्युटीवरून.
म्हणाली, ताई, आवाज वेगळा येतोय तुझा.
म्हटलं, काही नाही गं,
तोंडात जरा भडंग आहे.
खारट झालंय.