शून्य मैलावरच्या रात्रपाळीचा जबाब

लिहून घ्या.
त्या रात्री दगडापाशी मीच होतो,
दौलत लांजेवार, अंतरखातं, तिसरी श्रेणी.
काम सोपं.
दगडाच्या पोटात साऱ्या मुलखाची अंतरं गुंडाळलेली,
लडीवर लडी.
रामटेकचं सूत जाड, काटोलचं भुरकट,
आणि समुद्राचं, जे कुणी कधी मागितलं नाही,
अगदी तळाशी, ओलसर.
रात्रीतून दोनदा गाठ तपासायची.
सोडायची नाही.

मी सोडली.

कारण विचारलंत म्हणून सांगतो.
बायको भंडाऱ्याला, बाळंतपणाला.
शेवटची गाडी गेलेली.
वाटलं, तिकडचं सूत बोटभर आत ओढलं
तर एका रात्रीपुरती जवळ येईल.
बोटभर, साहेब. जास्त नाही.

आवाज झाला नाही.
बर्डीच्या टेकडीवरची कुत्री तेवढी गप्प झाली
आणि लडी आपोआप उलगडत गेली.

पहाटे इतवारीतून महालात निघालेला दूधवाला
गुरुवारी पोचला, दाढी वाढलेली,
दूध कोमटच.
धरमपेठेत एका घरात
तव्यापासून ताटापर्यंत अकरा कोस पडले.
आई पोळी घेऊन निघाली होती,
पोरांना ती दिसत होती, तिळाएवढी, पदर खोचलेली.
हंसापुरीत वीस वर्षं न बोललेले दोघे भाऊ
भिंतीसकट एकमेकांवर आले
आणि एकाच श्वासात अडकले.
चंद्र अजनीच्या पुलावर टेकला.
रेल्वेवाल्यांनी त्याला लाल बावटा दाखवला,
त्यांना तरी दुसरं काय येतं?

सगळ्यात वाईट, एका खाटेवर निजलेली माणसं.
त्यांचं मी सांगणार नाही.

चौथ्या दिवशी समुद्र आला.
वर्धा रोडवर उभा राहिला, लाजल्यासारखा,
परक्याच्या घरी चपला कुठे काढाव्या
ते न कळलेल्या पाहुण्यासारखा.
संत्र्यांच्या टोपल्यांवर मिठाचा थर चढला.

मग पाचपावलीची रुखमा नंदनवार आली,
कोष्टीण, हातमाग विकून दहा वर्षं झालेली.
आधी मला एक शिवी दिली, ती नका लिहू.
मग दगडापाशी असारी मांडून बसली.
म्हणाली, "सूत ओढाचं नसते, बावा.
त्याच्या मांगं मांगं जाचं असते."
आणि गेली. कांडी हातात, पायी,
प्रत्येक सुताच्या टोकापर्यंत.
एकोणीस दिवस.
समुद्राला तिनं हाताला धरून परत पोचवलं म्हणतात.
काही धागे मात्र अदमासानंच जोडले,
म्हणून सक्करदऱ्याला जायला लागतो
त्याहून यायला आजही कमी वेळ लागतो.

पोळ्याच्या पाडव्याला माझा बडग्या निघाला.
पोट सुतळीचं, गळ्यात माझ्याच नावाची पाटी.
मीही गर्दीत होतो.
पेटवला तेव्हा तोंडाला आच लागली
आणि बरं वाटलं.
किती दिवसांनी काहीतरी
बरोबर तेवढ्याच अंतरावरून आलं होतं.

भंडाऱ्याचं सूत रुखमाबाईला सापडलं नाही.
एस्टी रोज सुटते.
मौद्यापर्यंत सगळं ठीक,
पुढे रस्ता लांबतच जातो,
डिझेल अर्ध्यावर आलं की ड्रायव्हर गाडी वळवतात.
मी बावीसदा गेलोय. तिकिटं जोडली आहेत.

आणि हे.
त्या रात्री बोटाला गुंडाळलेलं तुटून राहिलेलं टोक.
खात्याची मालमत्ता आहे, ठाऊक आहे.
जप्त करायचं तर करा,
पण आधी कानाशी धरून बघा,
असं, थोडं दाबून.
ऐकू येतं?
आठवडाभर अशीच किरकिरतेय.
दात येताहेत तिला.