एक ‘लो’ जास्त

माझं नाव पुलोरेता.
पुन्हा सांगते, सवय आहे: पु-लो-रे-ता.
मारिंदुके बेटावर या नावाची दुसरी कुणी नाही.
मनिलात नर्सिंगला होते तेव्हा
हजेरी घेणारी प्रत्येक नवी बाई
या नावाशी थबकायची,
अंधारात एक पायरी कमी निघावी तशी.

शाळेत पुरिसिमा बाई म्हणायच्या,
पुलो म्हणजे बेट. तू बेटाची लेक.
बाईंना वाईट वाटू नये म्हणून
सहावीपर्यंत मी बेटाची लेक होते.

खरं असं:
बाप क्रिस्पुलो. आई लोरेता.
बाप्तिस्म्याच्या आदल्या रात्री दोघं
सुकटीच्या रिकाम्या पाकिटावर पेन्सिलीनं
आपापली नावं लिहून
तोडत, जुळवत बसले.
लोरेक्रिस आईला औषधासारखं वाटलं,
क्रिसरेता बापाला साबणासारखं.
मग दिसलं,
त्याचं जिथं संपतं तिथंच तिचं सुरू होतं.
एकच ‘लो’, दोघांना पुरणारा,
जीपनीतल्या शेवटच्या जागेसारखा,
अर्धा अर्धा टेकून बसायचं.
तेव्हा तो इतका हसला, आई सांगते, इतका हसला की
पुढचं ती सांगत नाही.

क्रिस्पुलोचा अर्थ मी नंतर शोधून काढला.
शब्द लॅटिन. पुढचा भाग म्हणजे कुरळे केस
आणि मागचं नुसतं शेपूट,
लाडानं ‘छोटा’ म्हणायला जोडलेलं.
म्हणजे अर्थ माझ्या वाट्याला आलाच नाही.
लाड तेवढा आला.
केस माझे सरळसोट, खाऱ्या वाऱ्यातसुद्धा.

कुरळे रॉटरडॅमला गेले.
मालवाहू जहाजाच्या इंजिनखोलीत नोकरी,
तीन नाताळ पैसे, मग कार्ड, मग काही नाही.
कुणीतरी एकदा फोटो दाखवला:
त्याच्या मांडीवर एक मुलगा,
डोकं म्हणजे निव्वळ स्प्रिंगांचा डबा.

लोरेता म्हणजे म्हणे तमालपत्राच्या झाडांची राई.
आई अडोबोत ते पान घालते,
आणि खाताना काढून
ताटाच्या कडेला ठेवते.

आता पासपोर्ट हवाय, जेद्दाहला वॉर्ड मिळालाय.
बोआकच्या नोंदणी कचेरीतून जन्माचा दाखला निघाला
आणि त्यावर मी होते
पुलोलोरेता.
चोवीस वर्षांपूर्वी टाइपरायटरवर कुणाचं बोट अडखळलं,
किंवा त्या माणसाला पटलंच नसेल
एका अक्षरात दोघं कसे राहणार.

लार्दिसाबाल साहेबांनी चष्मा कपाळावर नेला.
टंकलेखनाची चूक. अर्ज, हजार पेसो, तीन महिने.
आणि या रकान्यात लिहायचं, कोणता ‘लो’ काढायचा.
पहिला की दुसरा.
मी म्हटलं, काय फरक पडतो?
नावाला नाही पडत, ते म्हणाले,
रकान्याला पडतो.

आईला फोन लावला.
तिकडे तेल तडतडत होतं.
हजार? चूक त्यांची आणि हजार आपले?
मग तिनं आच बारीक केली,
मला तेल शांत होताना ऐकू आलं.

माझा काढ.
अगं आई,
माझं ‘रेता’ उरतंय की.
त्याचं काय उरेल? ‘पु’?
‘पु’ म्हणून कुणाला हाक मारता येते का?
आणि येताना व्हिनेगर आण, संपलंय.

कचेरीचं पेन खिडकीच्या गजाला दोरीनं बांधलेलं,
दोरी रकान्यापर्यंत पुरेना.
साहेबांनी काही न बोलता
कागदच माझ्याकडे सरकवला.
मी लिहिलं: दुसरा.