गाडी काढा

सीवूड्सच्या मॉलमध्ये, सरकत्या जिन्याच्या पायथ्याशी
तो स्टुलावर बसून गात होता.
समोर बावीस खुर्च्या, सात भरलेल्या,
आठवीवर माझ्या पिशव्या.

दुसऱ्या कडव्यात छतातला भोंगा बोलला:
एमएच त्रेचाळीस, रंग राखाडी, शेवटचे आकडे बावन्न,
मालकांनी ताबडतोब गाडी काढावी,
मागे दुधाचा टेम्पो अडकला आहे.

तो थांबला नाही.
बोटं त्याच तारांवर दाबून ठेवून
भोंग्याचं वाक्य त्याने जसंच्या तसं उचललं
आणि चालीत बसवलं.
राखाडी बाई, बावन्न नंबर,
तुझ्यामागे कोण उभं,
काढ रे बाबा, गाडी काढ.

सगळे हसले.
सर्वांत मोठ्याने मी हसलो,
कारण उठलो असतो तर कळलं असतं.

रात्री, दंड भरून आल्यावर, त्याचं नाव शोधलं.
हिरामण मढवी, गाव गोठिवली.

पुढे अकरा वर्षांत तुकड्यातुकड्यांनी कळत गेलं:
मावशी धवळारीण होती, चांगुणा नावाची.
तिच्या धवळ्यांशिवाय आगरी मांडवात लग्न लागायचं नाही.
हा तिच्या सुपातले तांदूळ सांडायचा आणि मार खायचा.
साडेबारा टक्क्यांचा प्लॉट विकला तेव्हा
थोरल्याने बोलेरो घेतली,
मधल्याने करंगळीएवढी जाड साखळी,
आणि ह्याने लाकडी गिटार.
मावशीने वाकून भोकात बघितलं.
"तुजा खोका गातं का रं रडतं?"
हे तो प्रत्येक कार्यक्रमात सांगतो,
आणि प्रत्येक वेळी उत्तर वेगळं देतो.

पहिली कॅसेट ऐरोलीच्या गॅरेजात,
शेजारच्या पंक्चरवाल्याचा कॉम्प्रेसर
बंद असेल तेवढ्याच वेळात.
तीनशे छापल्या. दोनशे दहा अजून माळ्यावर.
ढोलकीवाला दोहाला गेला, क्रेन चालवतो.
एक हंगाम हिरामणनेही चकचकीत जाकीट घालून
हळदींत वाजवलं,
डीजेच्या भिंतीपुढे, स्वतःला ऐकू न येता.
त्या पैशांत घरावर स्लॅब पडला,
हे तो लपवत नाही.
ठाण्याला गडकरीत एकदाच,
मुख्य गायक घोडबंदरला अडकला म्हणून,
पन्नास मिनिटं.
ती पन्नास मिनिटं ज्यांनी ऐकली
ते अजून भेटले की आवाज खाली आणून बोलतात.

खाडीची हवा तारांना धरते.
आठवड्यात गंज, बोटांना तांबूस वास.
नव्या तारा घेणं परवडेना तेव्हा
जुन्या उकळून लावायचा, चहाच्याच पातेल्यात.
बायको, रेवती, ते पातेलं वेगळं ठेवते
आणि पाहुण्यांना त्यातला चहा देत नाही,
एवढंच त्याच्या कलेविषयी तिचं मत मला माहीत आहे.

गेल्या महिन्यात नेरुळला, एका सोसायटीच्या क्लबहाउसात.
मंगळवार-शुक्रवार तिथे तो मुलांना शिकवतो.
आवाज दोन सूर उतरलाय.
धवळ्यावरून केलेलं नवं गाणं गायला,
लग्न न झालेल्या मावशीचं,
जी जन्मभर दुसऱ्यांची लग्नं लावत राहिली.
कुणी टाळी वाजवायच्या आधीच
मागून फर्माईश आली: गाडी! गाडी!
त्याने मान हलवली,
डॉक्टरने औषध लिहावं तसं गायलं.

संपल्यावर मी पुढे गेलो.
तो जुन्या बनियनने तारा पुसत होता.
म्हटलं, ती गाडी माझी होती.
"हो का," वर न बघता तो म्हणाला,
"ह्या वर्षीचे तुम्ही चौथे."

म्हटलं, बावन्न होता नंबर.

बनियन थांबलं.
सीडीवर त्याने एकोणचाळीस केलाय,
त्रेचाळीसशी जुळावा म्हणून.
बावन्न त्या सात खुर्च्यांनाच माहीत,
त्यातही किती जणांच्या लक्षात असणार.

बराच वेळ माझ्याकडे बघत राहिला.
मग विचारलं, "टेम्पो निघाला का पण?"

मला माहीत नव्हतं.
गाणं संपेपर्यंत मी उठलोच नव्हतो,
असं मी त्याला सांगितलं.
त्याने एक खुंटी सैल केली,
पुन्हा आवळली.